पहिलं हरीण गेलं, तरी ब्रेकवरून पाय काढू नका

अमेरिकेतल्या पेनसिल्व्हेनियात आम्हाला सहा वर्षं झाली. माझा ऑफिसचा रस्ता दुपदरी आहे, एका बाजूला मक्याची शेतं आणि दुसऱ्या बाजूला डोंगरउतारावरचं जंगल. नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी इथे घड्याळं तासभर मागे करतात. मग पाचच्या सुमारासच सूर्य मावळतो आणि संध्याकाळची परतीची गर्दी अंधारात सापडते. नेमका तोच हरणांच्या मीलनाचा ऐन हंगाम. एरवी पहाटे आणि तिन्हीसांजेला दबकत फिरणारे नर त्या दिवसांत कशाचंही भान न ठेवता माद्यांच्या मागे धावत असतात.

अशाच एका संध्याकाळी उजवीकडून एक मादी रस्त्यावर आली. मी ब्रेक मारला, ती समोरून निघून गेली. सुटलो म्हणत मी पाय ॲक्सिलरेटरवर नेला, आणि तिच्या मागावरचा नर थेट गाडीच्या उजव्या दिव्यावर आदळला. तो आवाज अजून कानात आहे.

हरीण एकटं क्वचितच असतं, हे मला आधी कुणी सांगितलं नव्हतं. एक दिसलं की दुसरं, तिसरं येणार असं धरूनच चालायचं आणि कडेची झाडी नीट दिसेपर्यंत वेग वाढवायचा नाही. त्यांचे डोळे दिव्यात हिरवट-पिवळे चमकतात. बऱ्याचदा अंगाआधी तेच दिसतात. म्हणून समोरून गाडी येत नसेल तेव्हा हाय बीम लावते. मी तेव्हा ताशी ४५ मैलांनी जात होते, म्हणजे सेकंदाला साधारण २० मीटर. हरीण दिसून पाय ब्रेकवर जाईपर्यंत दीड सेकंद गेला तरी ३० मीटर संपले. पुढे कोरड्या रस्त्यावरही थांबायला जवळजवळ तेवढेच लागतात. लो बीमच्या उजेडात इतक्या लांबचं स्पष्ट दिसत नाही, म्हणजे वेग आधीच कमी हवा. उडी मारणाऱ्या हरणाची पिवळी पाटी मी पूर्वी नुसती बघून सोडून द्यायचे. ती पाटी हरणांच्या नेहमीच्या वाटेवरच लावलेली असते.

आता सगळ्यात महत्त्वाचं. हरीण समोर आलंच तर ब्रेक पूर्ण दाबा, एक लांब हॉर्न द्या आणि स्टिअरिंग सरळ ठेवा. चाकं जाम होऊ न देणाऱ्या एबीएसमुळे ब्रेक पायाखाली थरथरतो. घाबरून पाय उचलू नका. जनावराला वाचवायला गाडी वळवावीशी वाटते, मलाही वाटलं होतं. पण वळवलेली गाडी झाडावर जाते, समोरच्या गाडीवर जाते किंवा उलटते, आणि त्यात माणसं मरतात. हरीण तर शेवटच्या क्षणी कुठे वळेल याचा नेम नाही. हे लिहिताना मला बरं वाटत नाहीये, पण पर्याय धडकेचाच उरला तर सरळ धडका. सीटबेल्ट मागच्या सीटवरच्यांनीही लावलेला हवा. बंपरला लावायच्या शिट्ट्या विकत मिळतात, त्यांचा उपयोग होतो असं चाचण्यांत दिसलेलं नाही.

धडकेनंतर मी एक चूक केली. कडेला थांबले, हॅझर्ड लाइट लावले, इथवर ठीक. पण ते हरीण तडफडत होतं आणि मी दार उघडून त्याच्याकडे निघाले. मागून आलेल्या ट्रकवाल्याने ओरडून थांबवलं म्हणून बरं. घाबरलेलं जखमी हरीण खुरांनी, शिंगांनी माणसाला फाडू शकतं, आणि अंधाऱ्या रस्त्यावर उभं राहणं हा धोका वेगळाच. मी गाडीत बसून ९११ या इथल्या आपत्कालीन नंबरला फोन केला. पोलीस आले, त्यांनी त्या जिवाची तडफड थांबवली. मी बराच वेळ रडत होते.

ट्रकवाल्याने जाताना विचारलं, हरीण मी नेऊ का? इथे मेलेलं हरीण मांसासाठी नेता येतं, मात्र २४ तासांच्या आत राज्याच्या गेम कमिशनला, म्हणजे वन्यप्राण्यांच्या खात्याला, कळवून परवाना घ्यावा लागतो. एके काळी बेसुमार शिकारीने या राज्यातली हरणं जवळजवळ संपली होती, १९०६ पासून बाहेरून आणून पुन्हा सोडली. आज पांढऱ्या शेपटीचं हेच हरीण इथला राज्यप्राणी आहे.

माझी गाडी सुरू होत होती, पण खाली कूलंट, म्हणजे इंजिन थंड ठेवणारा द्रव, सांडत होता. तशीच चालवली असती तर इंजिन गेलं असतं, म्हणून टो ट्रक मागवला. निघण्याआधी बॉनेटची कडी, दिवे, टायरला घासणारा पत्रा, सगळं बघायचं आणि भरपूर फोटो काढायचे.

विम्याचं मात्र नीट ऐका. हरणाची धडक 'कॉम्प्रिहेन्सिव्ह' या भागात भरून मिळते, म्हणजे चोरी, वादळ, जनावर अशा कारणांनी स्वतःच्या गाडीचं नुकसान झालं तर त्यासाठीचा भाग. हरणाला चुकवून झाडावर गेलात तर ती धडक 'कोलिजन'मध्ये, म्हणजे गाडी कशावर तरी आदळण्यासाठीच्या वेगळ्या भागात, धरली जाते. नव्याने आलेली मुलं जुनी गाडी घेतात आणि पैसे वाचवायला कायद्याने सक्तीचा तेवढाच विमा काढतात. त्यात दुसऱ्याचं नुकसान भरलं जातं, हरणाने फोडलेल्या स्वतःच्या गाडीचं काहीच मिळत नाही. तुमचं कुणी इकडे शिकायला आलं असेल, तर पुढच्या फोनवर जेवलास का विचारून झालं की विम्यात कॉम्प्रिहेन्सिव्ह आहे का, तेही विचारा.