वैलावरचं सायडर

मेळावा दुपारी तीनला असायचा, पण सायडर सकाळी अकरालाच चढवावं लागायचं. आमच्या मराठी शाळेच्या डिसेंबरातल्या मेळाव्याचं मला जेवढं आठवतं, त्यातलं निम्म्याहून अधिक या मधल्या चार तासांतलं आहे. कार्यक्रम छानच व्हायचे. मुलं कविता म्हणायची, एखादं नाटुकलं व्हायचं, पालकांपैकी कुणीतरी पेटी वाजवायचं. पण मला डोळे मिटल्यावर दिसतं ते रिकामं उपाहारगृह, खिडकीबाहेरचा बर्फ, भिंतीशी लावलेलं लांब टेबल आणि त्यावर ओळीनं मांडलेले चार स्लो कुकर, म्हणजे विजेवर मंद शिजवणारी भांडी.

आम्ही अमेरिकेत, मिशिगनमधल्या डेट्रॉइटच्या उत्तरेकडच्या उपनगरात राहतो. मराठी शाळा रविवारी भरते, भाड्यानं घेतलेल्या जागेत. इथल्या शाळांना नाताळची सुट्टी लागण्याआधीच्या रविवारी आमचा मेळावा असतो. साठ-सत्तर माणसं जमतात. सुरुवातीची काही वर्षं मोठ्यांसाठी चहा आणि मुलांसाठी फळांच्या रसाची गार पाकिटं असा बेत असे. बाहेर तापमान शून्याखाली दहा अंश, मुलं ओले हातमोजे काढून आत येणार आणि आम्ही त्यांच्या हातात गार पाकीट देणार! एका वर्षी दुसरीतली एक मुलगी माझ्याजवळ आली आणि अगदी सरळ विचारलं, "मावशी, आम्हाला गरम काहीच का नाही?" माझ्याकडे उत्तर नव्हतं. पुढच्या वर्षी टेबलावर पहिला स्लो कुकर आला.

इथं सायडर म्हणजे काय, ते सांगायला हवं. इंग्लंडमध्ये सायडर म्हटलं की सफरचंदाची दारू. अमेरिकेत मात्र सफरचंदं चोथ्यासकट भरडून, दाबून काढलेला, न गाळलेला गढूळ रस म्हणजे सायडर. रंग उसाच्या काकवीला पाणी घातल्यासारखा, चव आंबटगोड. लंडनहून इकडे बदली होऊन आलेले एक काका सलग दोन मेळावे आमच्या टेबलापासून लांब उभे राहिले. मुलांच्या कार्यक्रमात हे काय चाललंय, असं त्यांना वाटत होतं. भिडेपोटी बोलले नाहीत. तिसऱ्या वर्षी त्यांच्याच नातवानं त्यांना अर्धा पेला आणून दिला. त्यानंतर काका दर वर्षी पहिल्या पेल्याच्या रांगेत असत.

डिसेंबरच्या सायडरची तयारी ऑक्टोबरात सुरू होते. वॉशिंग्टन आणि न्यूयॉर्कच्या बरोबरीनं मिशिगन हे सफरचंदांचं मोठं राज्य. ऑक्टोबरात इथल्या सायडर मिलवर जत्रेसारखी गर्दी असते. रॉचेस्टर हिल्सला क्लिंटन नदीकाठी येट्सची मिल आहे. 1863 साली ती धान्य दळायची गिरणी म्हणून उभी राहिली, 1876 पासून तिथे सायडर निघू लागलं. आम्ही सगळे पालक एका शनिवारी मुलांना घेऊन जायचो. गरम डोनट खायचे, नदीकाठची बदकं बघायची आणि परतताना गॅलन-गॅलनचे कॅन गाडीत भरायचे. गॅलन म्हणजे पावणेचार लिटरच्या थोडं वर. हंगामाच्या सुरुवातीचं सायडर आंबट असतं. ऑक्टोबर सरताना उशिरा पिकणारी सफरचंदं येतात, तेव्हाच्या रसाला गोडी आणि दाटपणा येतो. म्हणून आम्ही मुद्दाम शेवटच्या आठवड्यात जायचो. त्याच सुमारास कोजागरी असायची. मसाला दुधाचा कार्यक्रम मंडळात असेच, पण थंडीमुळे चंद्र बघायला बाहेर जायचं, दूध मात्र गॅरेजमध्ये येऊन प्यायचं, असा आमचा प्रघात.

आणलेलं सायडर आम्ही चार-पाच घरांच्या फ्रीझरमध्ये वाटून ठेवायचो. त्यात पहिल्याच वर्षी माझी एक चूक झाली. कॅन काठोकाठ भरलेला तसाच फ्रीझरमध्ये ठेवला. गोठताना रस फुगतो, हे शाळेत शिकले होते. पण लक्षात आलं ते तडकलेला कॅन बघूनच. तेव्हापासून आणल्या दिवशी प्रत्येक कॅनमधून कपभर रस काढून घ्यायचा आणि तो मुलांना प्यायला द्यायचा, असा नियम झाला. मुलं या नियमाची फार काटेकोर अंमलबजावणी करत. मेळाव्याच्या दोन दिवस आधी, शुक्रवारी, कॅन फ्रीझरमधून काढून खालच्या कप्प्यात यायचे.

आमच्यातल्या एक डॉक्टर मावशी आणखी एका नियमाच्या पक्क्या होत्या. 1996 साली पाश्चरायझेशन न केलेल्या सफरचंदाच्या रसातून अमेरिकेत ई. कोलाय जंतूंची साथ पसरली होती, त्यात एक लहान मूल दगावलं होतं. त्यानंतर अशा रसाच्या बाटलीवर इशारा छापणं सक्तीचं झालं. स्लो कुकर नावाप्रमाणे सावकाश तापतो, म्हणून मावशी सायडर आधी घरी पातेल्यात तापवायला लावायच्या. थर्मामीटरनं 71 अंश सेल्सियस बघितल्याशिवाय पातेलं उतरवू द्यायच्या नाहीत. सगळ्यांना घाई असायची, त्यांना नसायची. त्यांच्यामुळे माझं मन निर्धास्त असायचं.

आता अकरा वाजता. बूट काढून दाराशी ठेवलेले, हॉलचा हीटर नुकताच लावलेला, म्हणून सगळे कोट अंगातच. प्रत्येक स्लो कुकरवर चिकटपट्टी आणि तिच्यावर पेननं लिहिलेलं आडनाव. सहा क्वार्टचे, म्हणजे दीड गॅलनचे कुकर, एकेकात सव्वा गॅलन सहज मावतं. वायरी लावण्याआधी मसाल्याची पुरचुंडी बांधायची. हे काम आज्यांचं. दर हिवाळ्यात कुणाची तरी आई, कुणाची तरी सासू भारतातून आलेली असायचीच. एका वर्षी रत्नागिरीच्या एक आजी होत्या. त्यांनी इथल्या दुकानातली दालचिनी हातात घेतली, मोडून बघितली, वास घेतला आणि म्हणाल्या, "ही जाड साल आहे. चालेल, पण जरा जास्त घाला." मग स्वतःच्या पिशवीतून घरून आणलेलं जायफळ काढलं.

गॅलनला चार दालचिनीच्या काड्या, आठ लवंगा, इंचभर ठेचलेलं आलं, पाच-सहा दाणे ऑलस्पाईसचे. हा ऑलस्पाईस म्हणजे जमैकाकडचं वाळवलेलं फळ. मिऱ्यांहून थोडं मोठं, वासाला लवंग, दालचिनी आणि जायफळ एकत्र केल्यासारखं. हे सगळं अख्खं, मलमलीच्या फडक्यात. पूड टाकायची नाही. दालचिनीची पूड रसात विरघळत नाही, बुळबुळीत होते आणि तळाशी चिकट गाळ बसतो. आठाच्या वर लवंगा घातल्या की दोन तासांनी दुसरा कुठलाही स्वाद उरत नाही. संत्र्याच्या चकत्या मात्र शेवटच्या अर्ध्या तासात. आधीपासून टाकल्या तर सालीखालचा पांढरा भाग कडवटपणा सोडतो. साखर अजिबात नाही, रसच गोड असतो. एका कुकरमध्ये रत्नागिरीच्या आजींनी सुंठ आणि गुळाचा बारीक खडा घातला होता. "हा तर गोड काढाच आहे की," त्या म्हणाल्या. मोठ्या माणसांत तोच कुकर सगळ्यात आधी रिकामा झाला.

साडेअकराला बटण फिरवलं की काही होत नाही. हेच मला फार आवडायचं. पातेलं गॅसवर असतं तेव्हा माणूस त्याच्याशी बांधलेला असतो. दूध उतू जाईल, पाक पुढे जाईल. इथे कुकर बराच वेळ नुसता बसून राहायचा. आम्ही खुर्च्या मांडायचो, पताका लावायचो, कुणी मुलांच्या संवादाची एकदा उजळणी घ्यायचं. ज्यांचं एरवी कधी बोलणं व्हायचं नाही, ते लोक या वेळेत बोलायचे. नोकरी गेलेला एक तरुण मला पहिल्यांदा तिथेच मनापासून बोलला, पताकेचं एक टोक त्याच्या हातात आणि एक माझ्या. भारतात वडील गेले आणि जाता आलं नाही, हे एका मैत्रिणीनं तिथेच सांगितलं. कार्यक्रमाच्या गडबडीत असं बोलणं होत नाही. साडेबाराच्या सुमारास पहिला वास यायचा, आधी लवंगेचा. मग सगळे बोलता बोलता एकदा टेबलाकडे बघायचे.

एका वर्षी दीडला सगळं बंद पडलं. सायडरच्या रांगेतच कुणीतरी चहाचं मोठं विजेचं भांडं जोडलं होतं. त्या भांड्याला दीड हजार वॅट लागतात, एकेका कुकरला अडीचशेच्या आसपास. पंधरा अँपियरच्या वायरिंगवर एकशेवीस व्होल्टला अठराशे वॅटच्या पुढे भार गेला की ब्रेकर पडतो. हा हिशेब तिथल्या तिथे एका बाबांनी पेपर नॅपकिनवर मांडून दाखवला, आणि भोवती उभी असलेली सातवी-आठवीतली मुलं तो मन लावून ऐकत होती. रखवालदार यायला चाळीस मिनिटं लागली. तेवढ्यात कुणी झाकणांवर टॉवेल घातले, कुणी स्वतःचा कोट गुंडाळला. जाड मातीच्या भांड्यांनी ऊब सोडली नाही. तीनला सायडर गरमच होतं. पुढच्या वर्षीपासून चहा समोरच्या भिंतीवर गेला.

त्याच्या पुढच्या मेळाव्यात एका बारा वर्षांच्या मुलीनं पाच मिनिटांचं भाषण केलं. विषय तिचा तिनं निवडला होता: स्लो कुकर. अडखळत, पण सगळं मराठीत. आयर्विंग नॅक्सन नावाच्या संशोधकाला त्याच्या आईनं तिच्या लहानपणची गोष्ट सांगितली होती. लिथुआनियातल्या विल्ना शहरात शुक्रवारी संध्याकाळी ज्यू घरांतली बायकामुलं कडधान्याच्या कालवणाची भांडी बेकरीत नेऊन ठेवायची. शब्बाथला, म्हणजे शुक्रवारच्या संध्याकाळी सुरू होणाऱ्या ज्यूंच्या विश्रांतीच्या दिवशी, चूल पेटवायची नसते. बेकरीची भट्टी विझत आलेली असायची, तिच्या उरलेल्या उष्णतेवर ते रात्रभर शिजायचं. त्या गोष्टीवरून नॅक्सननं विजेवर मंद शिजवणारं भांडं तयार केलं. 1940 साली त्याला पेटंट मिळालं आणि 1971 साली तेच भांडं क्रॉकपॉट या नावानं बाजारात आलं.

टाळ्या झाल्या. मग सोलापूरकडच्या एक आजी, पहिल्या रांगेत बसलेल्या, मोठ्यानं म्हणाल्या, "अगं, म्हणजे आमचा वैल!" मुलीला वैल माहीत नव्हता. हॉलमधल्या निम्म्या पालकांनाही नव्हता. आजींना तिनंच हात धरून माइकजवळ आणलं. चुलीला लागून आत दुसरं तोंड असतं, तिथे लाकूड घालायचं नाही, मोठ्या चुलीचा जाळ आतून तिकडे वळतो, असं आजींनी दोन्ही हातांनी दाखवत सांगितलं. पुढच्या चुलीवर भाकरी, आणि वैलावर आमटी किंवा दूध. सकाळी ठेवलेलं दूध दुपारी गुलाबी व्हायचं, साय बोटभर यायची. "लक्ष द्यावं लागत नाही," त्या म्हणाल्या, "आपलं काम होईस्तो त्याचं होतं." विल्नाच्या बेकरीपासून सोलापूरच्या चुलीपर्यंतचं ते बोलणं मिशिगनच्या बर्फात, मराठीत चाललं होतं. तेव्हापासून मुलं त्या टेबलाला वैल म्हणू लागली. "वैलावर काय आहे?" असं विचारत आत येणारी मुलं दुसरीकडे कुठे असतील, मला नाही वाटत.

वाढायला आमच्याकडे ओगराळं होतं, कुणाच्या तरी लग्नातलं, लांब दांड्याचं. तीनला पहिला पेला मुलांना. त्यांना मोठ्यांसारखेच कागदी पेले द्यायचे, अर्धे भरून, असं आम्ही ठरवलं होतं. दोन्ही हातांनी पेला धरून मुलं मोठ्यांच्या घोळक्यात उभी राहायची, फुंकर मारायची आणि गप्पांत भाग घ्यायची. चहा त्यांना मिळत नव्हता, म्हणून आजवर त्यांना त्या घोळक्यात जागाच नव्हती. गार पाकीट घेऊन ती पळून जायची. गरम पेला घेऊन पळता येत नाही. मला वाटतं, आमच्या मुलांचं निम्मं मराठी त्या पेल्यांनी टिकवलं.

संध्याकाळी भांडी धुताना झाकणांची अदलाबदल ठरलेली. एका वर्षी मी घरी आले आणि बघते तर झाकण दुसऱ्याच कुणाचं. चिकटपट्टी पाण्यानं सुटून गेलेली. पुष्कळ चौकशी केली, पत्ता लागला नाही. त्या वर्षी तीन कुटुंबं राज्य सोडून गेली, त्यांतल्याच कुणाचं तरी असणार. माझ्या भांड्यावर ते एका बाजूनं किंचित उचललेलं राहतं आणि तिथून वाफेची बारीक रेघ निघते. मी दुसरं आणलेलं नाही. दर डिसेंबरात तेच घेऊन जाते, ती बाजू हॉलच्या दाराकडे करून ठेवते, म्हणजे बाहेरून येणाऱ्याला बूट काढता काढताच वास लागतो.