क्बाल स्पियन ते प्रे रूप: पाण्याच्या मागोमाग एक दिवस

कंबोडियात सिएम रीपला पोचल्यावर पहिल्या दिवशी आम्ही एका मोठ्या गटाबरोबर गेलो होतो. आठ तासांत सहा देवळं. रात्री जेवताना आईने विचारलं, "आज शेवटचं बघितलं ते कुठलं गं?" मला सांगता आलं नाही. फोटो काढून बघितले, तरी अंगकोर थोमचं कुठलं आणि ता प्रोमचं कुठलं यावर माझं आणि मावशीचं एकमत होईना. इतक्या लांब येऊन असं व्हावं याचं मला खरंच वाईट वाटलं. दुसऱ्या दिवसासाठी आम्ही तिघींपुरता वेगळा गाइड आणि गाडी ठरवली. हा वृत्तांत त्या दुसऱ्या दिवसाचा आहे, क्बाल स्पियनच्या कोरीव नदीपात्रापासून प्रे रूपच्या देवळापर्यंतचा.

गाइड संध्याकाळीच हॉटेलवर भेटायला आला. चाळिशीचा असावा. त्याने आम्हाला त्याला 'बोंग' म्हणायला सांगितलं. इथल्या ख्मेर भाषेत आपल्यापेक्षा मोठ्या भावंडाला असं म्हणतात, आपल्या दादासारखं. त्याने पहिला प्रश्न विचारला, "किती देवळं बघायची आहेत?" मी म्हटलं, "जेवढी नीट बघता येतील तेवढीच." मग त्याने टेबलावरच्या कागदावर वर एक डोंगर काढला, खाली शहर काढलं आणि दोन्ही जोडणारी एक वाकडी रेघ ओढली. "ही नदी. उद्या आपण हिच्याबरोबर वरून खाली येऊ."

गाइड ठरवताना काय बघावं, ते आधीच सांगते. इथल्या अधिकृत गाइडकडे परवाना असतो आणि अंगात ठरावीक गणवेश असतो. गाडीचा चालक वेगळा. तो देवळाच्या दाराशी सोडतो, आत येऊन माहिती सांगत नाही. त्यामुळे 'गाडीसोबत सहल' असं कोणी म्हणालं तर त्यात गाइड धरला आहे का, ते स्पष्ट विचारा. आम्ही गाइडला चाळीस डॉलर आणि गाडीला पंचावन्न डॉलर दिले. ठिकाणं शहरापासून लांब होती म्हणून गाडी महाग पडली. तिघांत वाटल्यावर ते जड गेलं नाही. पैसे ठरवण्याआधी गाइडशी दहा मिनिटं गप्पा मारा. तुम्ही विचाराल त्याला तो उत्तर देतो की पाठ केलेलं म्हणून दाखवतो, हे तेवढ्यात कळतं.

पहाटे सहाला निघालो. क्बाल स्पियन सिएम रीपपासून साधारण पन्नास किलोमीटरवर आहे, कुलेन डोंगररांगेच्या पश्चिम टोकाला. इथे एक गोंधळ हमखास होतो. कुलेनच्या माथ्यावरही नदीच्या पात्रात लिंगं कोरलेली आहेत आणि तिथे मोठा धबधबा आहे. ते ठिकाण वेगळं, त्याचं तिकीट वेगळं, आणि तिथे दुपारपर्यंतच गाड्या वर सोडतात. क्बाल स्पियन मात्र अंगकोरच्या, म्हणजे जुन्या ख्मेर राजधानीतल्या देवळांच्या, पासवर बघता येतं. ठरवताना 'कुलेन' आणि 'क्बाल स्पियन' ही दोन्ही नावं घेऊन खात्री करा.

पायथ्यापासून जंगलातून दीड किलोमीटरची चढण आहे. मुळं, मोठे दगड, मधूनमधून लाकडी जिने. मला चाळीस मिनिटं लागली. मावशीला पाऊण तासाच्या वर लागला, पण ती आली. आईचा गुडघा दुखतो म्हणून ती खाली टपरीपाशी बसली. गुडघ्याचा त्रास असेल तर हट्ट करू नका, उतरताना जास्त त्रास होतो. पायवाट सोडून आत शिरायचं नाही, हे बोंगने दोनदा बजावलं. यादवीच्या काळात या देशात ठिकठिकाणी भूसुरुंग पेरले गेले होते. त्याच्या गावातल्या माणसांचे पाय गेलेले त्याने लहानपणी पाहिले होते. हे सांगताना तो थांबला नाही, चालतच राहिला, म्हणून आम्हीही काही विचारलं नाही.

वर पोचल्यावर आधी पाण्याचा आवाज येतो. नदी कसली, आपल्याकडचा कोकणातला पऱ्ह्या म्हणावा एवढीच. पात्रात डोकावलं की पाण्याखाली ओळीने गोल उंचवटे दिसतात, एकाला लागून एक, शेकडो. ही सगळी लिंगं. मधे चौकोनी योनिपीठं आहेत, त्यांना पाणी बाहेर काढणारी पन्हळ आहे. कडेच्या खडकात शेषशायी विष्णू आहे, पायाशी लक्ष्मी, नाभीतून निघालेल्या कमळावर ब्रह्मा. नंदीवर बसलेले शंकर-पार्वतीही आहेत. हे कोरीवकाम अकराव्या शतकातलं, पहिला सूर्यवर्मन आणि दुसरा उदयादित्यवर्मन या ख्मेर राजांच्या काळातलं. इथल्या शिलालेखात सहस्रलिंग असाच उल्लेख आहे. बाहेरच्या जगाला ही जागा कळली ती १९६९ मध्ये, झां बुल्बे या फ्रेंच अभ्यासकाला एका स्थानिक तपस्व्याने दाखवली म्हणून.

सिरसीजवळ शाल्मला नदीतलं सहस्रलिंग मी पाहिलं आहे. तिथे लिंगं पाण्यातून वर आलेल्या खडकांवर आहेत, एकेक सुटं. इथे अख्खा तळच लिंगांचा आहे. पाणी वाहतं तेच त्यांच्यावरून. बोंग म्हणाला, "अभिषेक कोणी करायचा नाही. तो चालूच आहे. इथून खाली जाणारं पाणी पवित्र होऊन शेतात जातं, राजधानीत जातं." मावशी बराच वेळ काठावर बसून राहिली. तिने बाटलीत थोडं पाणी भरून घेतलं, खाली बसलेल्या आईसाठी. दगडांवर पाय द्यायचा नाही, पात्रात उतरायचं नाही. हात मात्र काठावरून पाण्यात घालता येतो.

हंगामाचं सांगायचं तर नोव्हेंबर-डिसेंबर उत्तम. आम्ही डिसेंबरात गेलो, पाणी घोट्याएवढं आणि स्वच्छ होतं. भर पावसाळ्यात पाणी गढूळ होऊन कोरीवकाम झाकलं जातं, आणि मार्च-एप्रिलमध्ये पात्र जवळजवळ कोरडं पडतं. चढायला दुपारनंतर सोडत नाहीत, त्यामुळे सकाळीच जा.

उतरून परत येताना गाडी वाटेतल्या एका गावाशी थांबवली. रस्त्याच्या कडेला मोठ्या कढयांत ताडाचा रस आटवणं चालू होतं. मावशी डहाणूची. ताडगोळे, ताडी, ताडगूळ यांत तिचं बालपण गेलेलं. तिने कढईतला पाक उलथन्यावर घेऊन वास घेतला आणि त्या बाईला खुणेने सांगितलं, अजून थोडा आटव. ती बाई हसून मान हलवत होती. दोघींना एकमेकींचं एक अक्षर कळत नव्हतं, तरी बोलणं पाच मिनिटं चाललं. ताडाच्या पानात गुंडाळलेले गुळाचे तुकडे मिळतात. घरी न्यायला यासारखं दुसरं काही नाही.

शाकाहाऱ्यांना जेवणाची थोडी काळजी घ्यावी लागते. 'भाजी' सांगितली तरी तीत माशाचा सॉस पडतो. मासे नको, माशाचा सॉस नको, अंडं नको, असं तिन्ही गाइडकडून ख्मेरमध्ये सांगून घ्या. आम्हाला टोफू घातलेला आमोक मिळाला, नारळाच्या दुधातला. आईने पुन्हा मागून घेतला.

मग बान्ते स्रेई. या देवळाबद्दल मी कितीही लिहिलं तरी कमीच पडेल.

आधी त्याचं आकारमान बघून आश्चर्य वाटतं. मधला शिखराचा भाग दहा मीटरसुद्धा उंच नाही. गाभाऱ्याचं दार एवढं बुटकं की लहान मूलही वाकून जाईल. हे देऊळ राजाने बांधलेलं नाही. राजेंद्रवर्मनाच्या दरबारातला यज्ञवराह नावाचा विद्वान, पुढे पाचव्या जयवर्मनाचा गुरू, त्याने हे उभारलं. देवाचं नाव त्रिभुवनमहेश्वर. प्रतिष्ठापना इसवी सन ९६७ मध्ये झाली. शिलालेखातली कालगणना शकाची आहे, म्हणजे शके ८८९. बोंगने ते सांगितलं तेव्हा आई चटकन म्हणाली, "म्हणजे आपल्या पंचांगातलाच शक!" तोच. ख्मेर राजे शकातच वर्षं मोजायचे. परदेशातल्या दगडावर आपल्या भिंतीवरच्या पंचांगातलं वर्ष सापडावं, याचा आईला इतका आनंद झाला की नंतर प्रत्येक देवळात तिने बोंगला शक विचारला. त्याने दर वेळी मनातल्या मनात अठ्ठ्याहत्तर वजा करून न कंटाळता सांगितला.

दगड गुलाबी वालुकाश्म आहे. त्यावरचं कोरीवकाम लाकडावर केल्यासारखं बारीक आहे आणि हजार वर्षांनंतरही धारदार आहे. आत शिरलं की दोन बाजूंना दोन छोट्या इमारती दिसतात, त्यांना ग्रंथालयं म्हणतात. वेळ कमी असेल तर त्यांच्या दारांवरचे चार त्रिकोणी शिल्पपट बघा, बाकी राहिलं तरी चालेल. दक्षिणेकडच्या इमारतीवर पूर्वेच्या बाजूला रावण कैलास हलवतोय. वेरूळला कैलास लेण्यातलं हेच दृश्य आपण पाहिलेलं असतं. तिथला रावण अंधारात खोल दबलेला, सगळा जोर त्याच्या पाठीत. इथे कैलास पायऱ्यापायऱ्यांचा आहे, देवळासारखा, आणि प्रत्येक पायरीवर घाबरलेले ऋषी आणि इतर गण. पार्वती शंकराला बिलगली आहे, ते मात्र दोन्हीकडे तसंच. दुसऱ्या बाजूला मदनदहन आहे.

उत्तरेकडच्या इमारतीवर कंसवध आहे, आणि पूर्वेला आहे तो पाऊस. वर ऐरावतावर इंद्र, त्याखाली तिरक्या रेघांनी कोसळणाऱ्या सरी, आणि खाली बाणांचं छत. खांडववन जळावं म्हणून पाऊस अडवणारे कृष्ण आणि अर्जुन दोन बाजूंना रथात. जंगलातले प्राणी सैरावैरा. दगडात पाऊस कसा कोरायचा, हे ज्याला सुचलं त्याला मी मनोमन नमस्कार केला. बोंग म्हणाला, "सकाळी पात्रात पाहिलंत ते पाणी आता आकाशात आहे."

मी खरं तर असं समजत होते की रामायण-महाभारत आपल्याला माहीत आहे, मग गाइड कशाला. गोष्टी आम्हाला माहीत होत्याच, उलट सुंद-उपसुंदांची गोष्ट आईनेच त्याला रंगवून सांगितली. या देवळातला त्यांचा शिल्पपट आता पॅरिसच्या गिमे संग्रहालयात आहे, भीम-दुर्योधनाच्या गदायुद्धाचा नॉम पेनच्या. पण कोणती मूर्ती मूळची आणि कोणती नक्कल, कुठला दगड पुन्हा बसवलेला, हे आमचं आम्हाला कधीच कळलं नसतं. १९२३ मध्ये आंद्रे मालरो, जो पुढे फ्रान्सचा सांस्कृतिक मंत्री झाला, त्याने इथल्या देवतामूर्ती कापून नेल्या आणि तो पकडला गेला. मूर्ती परत आल्या. नंतर १९३१ ते १९३६ या काळात फ्रेंच संवर्धक आंरी मार्शाल यांनी पडलेला प्रत्येक दगड ओळखून मूळ जागी बसवत देऊळ उभं केलं. बोंगने त्या देवतांची जागा दाखवली. मी जवळून बघितलं, आणि मग तिथून लवकर हलावंसं वाटेना.

आमची एक चूक इथे सांगते. आम्ही दुपारी पोचलो. दोरीपलीकडे जाता येत नाही, आवार लहान, ऊन डोक्यावर, आणि पूर्वेकडची शिल्पं तोवर सावलीत गेलेली. तुमच्यात चढणारे कोणी नसतील, तर साडेसातला देऊळ उघडतं तेव्हा आधी इथेच या. चढणार असाल तर मात्र आमचाच क्रम ठेवा आणि टोपी, पाणी, छत्री घ्या.

परतीच्या वाटेवर पूर्व मेबोन. देऊळ राजेंद्रवर्मनाने दहाव्या शतकाच्या मध्याला बांधलं, कोपऱ्यांवर दगडी हत्ती उभे आहेत, जवळजवळ खऱ्या हत्तीएवढे. हत्ती सगळेच बघतात. बोंगने आम्हाला हत्तींकडे पाठ करून खाली बघायला लावलं. जांभ्या दगडाच्या पायऱ्या उतरत जातात आणि संपतात, समोर सपाट जमीन आणि भातशेती. "हा धक्का आहे. इथे होडी लागायची." आम्ही उभ्या होतो ती जागा बेट होती. समोर होतं यशोधरतटाक, पहिल्या यशोवर्मनाने बांधलेलं तळं, साडेसात किलोमीटर लांब आणि जवळजवळ दोन किलोमीटर रुंद. चारी बाजूंनी मातीचे बांध घालून त्यात नदीचं पाणी आणलेलं. ज्या डोंगरावर सकाळी होतो, तिथूनच उतरणारं. तटाक म्हणजे तळं, हे आम्हाला भाषांतर करून सांगावं लागलं नाही.

शेवट प्रे रूपवर. तेही राजेंद्रवर्मनाचंच, शके ८८३. पायऱ्या उभ्या आणि अरुंद आहेत, आई खालीच थांबली. सूर्यास्ताला गर्दी होते, निदान पाऊण तास आधी वर जाऊन पश्चिमेची कड धरा, आणि उतरताना मोबाइलचा दिवा हाताशी ठेवा.

पासचं थोडक्यात सांगते: एका दिवसाचा ३७ डॉलर, तीन दिवसांचा ६२. तीन दिवसांचाच घ्या, ते दिवस सलग नसले तरी चालतात, दहा दिवसांत कधीही वापरा. बारा वर्षांखालच्या मुलांना तिकीट नाही, पण त्यांचा पासपोर्ट जवळ हवा. खांदे आणि गुडघे झाकणारे कपडे हवेत. डॉलरच्या नोटा कोऱ्या न्या, कोपरा फाटलेली नोट कोणी घेत नाही. सुटे पैसे रिएल या इथल्या चलनात परत मिळतात, डॉलरला साधारण चार हजार.

रात्री हॉटेलजवळच्या पुलावर आम्ही उभ्या होतो. खालून सिएम रीप नदी वाहत होती, दोन्ही काठांवर दिवे. आईने बोंगला विचारून ठेवलं होतं, हेच पाणी पुढे तोन्ले साप सरोवराला मिळतं. तिने पिशवीतून मावशीने आणलेली बाटली काढली, दोन थेंब डोळ्यांना लावले, आणि उरलेलं पाणी वाकून नदीत सोडलं.