सीटी कुठली, ते शेजारचा आकडा सांगतो

कारखान्याच्या शिफ्ट रजिस्टरमध्ये 'सीटी ट्रिप' एवढीच नोंद असली, तर इलेक्ट्रिकलचा माणूस पॅनेलकडे धावतो आणि युटिलिटीचा गच्चीकडे. पहिल्याच्या डोक्यात करंट ट्रान्सफॉर्मर असतो, दुसऱ्याच्या डोक्यात कूलिंग टॉवर. इथे दुसरा बरोबर असण्याची शक्यता जास्त, कारण करंट ट्रान्सफॉर्मर ट्रिप होत नाही, म्हणजे आपोआप बंद पडत नाही. तो फक्त मोजतो. ट्रिप होतो ब्रेकर किंवा मोटर. पण कूलिंग टॉवरच्या पंख्याच्या मोटरचा प्रवाह मोजायलाही सीटीच लागते, त्यामुळे 'सीटी फॅनची सीटी' हा शब्दप्रयोग विचित्र वाटला तरी चुकीचा नाही.

ही दोन अक्षरं एकटी वाचायचीच नाहीत. शेजारचं क्रियापद, एकक किंवा आकडा बघितला की बहुतेक वेळा उलगडा होतो. २००/५ असं काही दिसलं, की ती करंट ट्रान्सफॉर्मरची सीटी. शेकडो अँपिअरचा प्रवाह थेट मीटरमधून नेता येत नाही, म्हणून केबल किंवा बसबार एका कोअरमधून जातो आणि कोअरवर गुंडाळलेल्या वेढ्यांतून ठरलेल्या प्रमाणात लहान प्रवाह मिळतो. २००/५ म्हणजे केबलमध्ये २०० अँपिअर असताना मीटरकडे ५. मीटरला हे गुणोत्तर सेटिंगमध्ये सांगावं लागतं. १००/५ काढून २००/५ बसवली आणि सेटिंग जुनंच राहिलं, तर रीडिंग बरोबर निम्मं येतं. असं 'बरोबर निम्मं' किंवा 'बरोबर दुप्पट' दिसलं की मीटरवर संशय घेण्याआधी सीटीची नेमप्लेट वाचावी.

रीडिंग बरोबर एक तृतीयांश येत असेल तर दोष वेगळा. तीन फेजच्या तीन सीटींपैकी एक उलटी बसलेली असते. पी१ अशी खूण असलेली बाजू पुरवठ्याकडे हवी ती लोडकडे गेलेली असते, किंवा एस१ आणि एस२ या मीटरकडच्या टोकांच्या वायरी अदलाबदल झालेल्या असतात. तिन्ही फेजवर सारखा लोड असला तर दोन फेज अधिक मोजतात, एक उणे, आणि बेरीज तीनऐवजी एक येते. मीटरवर फेजनिहाय किलोवॉट बघितले की उणे आकडा लगेच सापडतो. नुसते अँपिअर बघून हा दोष कळत नाही, कारण तिथे उणे चिन्हच नसतं.

या सीटीबद्दल एक गोष्ट मात्र हजारदा सांगितली तरी कमीच: लोड चालू असताना सेकंडरी, म्हणजे मीटरकडच्या वेढ्यांची बाजू, उघडी ठेवायची नाही. प्रायमरीचा, म्हणजे मुख्य केबलचा, प्रवाह लोड ठरवतो, सीटीला त्यात काही म्हणता येत नाही. सेकंडरीतला प्रवाह कोअरमधलं चुंबकत्व जवळजवळ रद्द करत असतो. वायर सुटली की रद्द करणारं काही उरत नाही. प्रायमरीचा सगळा जोर कोअर चुंबकित करण्यात जातो, कोअर सॅच्युरेट होतो (चुंबकत्व घेण्याची त्याची क्षमता संपते) आणि चुंबकत्व दिशा बदलताना सेकंडरीच्या टोकांवर उंच, टोकदार व्होल्टेज उभं राहतं. मोठ्या सीटीत ते काही हजार व्होल्टपर्यंत जातं. इन्सुलेशन फुटतं, टर्मिनल जळतं, हात लागला तर जीव जातो. म्हणून मीटर काढण्याआधी एस१ आणि एस२मध्ये शॉर्टिंग लिंक लावायची, मीटरवरचा प्रवाह शून्यावर आल्याची खात्री करायची, मगच वायर सोडायची. परत बसवताना क्रम उलटा: आधी मीटरच्या वायरी घट्ट, शेवटी लिंक बाहेर. याच कारणामुळे सीटीच्या सेकंडरीत फ्यूज किंवा एमसीबी घालत नाहीत. अर्थिंग करायचं, पण एकाच ठिकाणी. दोन ठिकाणी केलं तर दोन अर्थमधून प्रवाह फिरतो आणि रीडिंग चुकतं. एकदा लोडवर उघडी पडलेली सीटी धडधाकट दिसली तरी कोअरमध्ये चुंबकत्व शिल्लक राहतं आणि अचूकता बिघडते, म्हणून तिला डीमॅग्नेटाइझ करून आणि तपासून मगच पुन्हा भरवशाची मानावी.

शेजारीच असणाऱ्या पीटीचा, म्हणजे व्होल्टेज मोजायच्या पोटेन्शियल ट्रान्सफॉर्मरचा, नियम नेमका उलटा: त्याची सेकंडरी शॉर्ट करायची नाही आणि तिथे फ्यूज हवाच. सीटी आणि पीटी एका दमात उच्चारणाऱ्या नवशिक्यांना हा फरक पहिल्याच दिवशी सांगून ठेवावा.

आता बर्डन, म्हणजे सीटीच्या सेकंडरीवर पडणारा भार, व्हीएमध्ये (व्होल्ट-अँपिअर) मोजलेला. नेमप्लेटवर ५ व्हीए लिहिलेलं असतं आणि मीटर अर्धा व्हीएसुद्धा घेत नाही, म्हणून निश्चिंत राहू नये. मधली वायरही खाते. २.५ चौरस मिलिमीटर तांब्याच्या वायरीचा रोध किलोमीटरला साधारण ७.४ ओहम. मीटर १० मीटर लांब असेल तर जाऊन-येऊन २० मीटर, म्हणजे ०.१५ ओहम. ५ अँपिअरचा वर्ग २५, त्यामुळे ३.७ व्हीए वायरीतच गेले. तीच सीटी १ अँपिअर सेकंडरीची असती, तर ०.१५ व्हीएवर भागलं असतं. लांबच्या अंतराला १ अँपिअरची सीटी का घेतात, त्याचं उत्तर एवढ्या गणितात आहे. क्लास, म्हणजे अचूकतेची श्रेणीही बघून घ्या: ०.५ किंवा ०.५एस मीटरसाठी, ५पी१० संरक्षणासाठी. ५पी१० म्हणजे रेटेड प्रवाहाच्या १० पटीपर्यंत चूक ५ टक्क्यांच्या आत. मीटरच्या सीटीला रिलेवर (फॉल्ट ओळखून ब्रेकर उघडवणारं उपकरण) जोडलं तर फॉल्टच्या वेळी ती लवकर सॅच्युरेट होते आणि रिलेला फॉल्ट खरा आहे त्यापेक्षा लहान दिसतो.

गच्चीवरच्या सीटीशेजारी तापमान आणि घनमीटर लिहिलेले असतात. तिथे दोन शब्दांचा घोळ कायम चालतो. रेंज म्हणजे टॉवरमध्ये येणारं पाणी आणि बाहेर जाणारं पाणी यांच्या तापमानातला फरक; अप्रोच म्हणजे बाहेर जाणारं पाणी आणि हवेचं वेट बल्ब तापमान (ओल्या कापडात गुंडाळलेला थर्मामीटर दाखवतो ते) यांतला फरक. रेंज कमी झाली म्हणून टॉवरला दोष देण्यात अर्थ नाही, कारण पाण्याचा प्रवाह तोच असला तर रेंज लोड ठरवतो. टॉवर किती चांगला चाललाय हे अप्रोचवरून कळतं. लोड तोच, वेट बल्ब तोच आणि अप्रोच ४ अंशांवरून ७ वर गेला, तर फिल (पाणी पसरवणारी आतली जाळी) क्षारांनी भरलंय का, नोझल चोंदलेत का, पंख्याचा बेल्ट सैल आहे का ते बघा. पाण्याचा हिशोबही ठोकळ्याने करता येतो: प्रवाह गुणिले तापमानातला फरक गुणिले ०.००१५३. ताशी १०० घनमीटर फिरतंय आणि ५ अंशांनी थंड होतंय, तर ताशी पाऊण घनमीटरच्या आसपास वाफ होऊन जातं. सायकल्स ऑफ कॉन्सन्ट्रेशन (फिरणाऱ्या पाण्यातले क्षार नव्याने भरलेल्या पाण्याच्या किती पट) ४ ठेवायचे असतील तर ब्लोडाउन, म्हणजे मुद्दाम सोडून दिलेलं पाणी, त्या वाफेच्या एक तृतीयांश.

पाणी निर्जंतुक करणाऱ्यांचा सीटी आणखी निराळा. तो चक्क गुणाकार आहे: क्लोरिनचं शिल्लक प्रमाण गुणिले संपर्काची मिनिटं. लिटरला ०.५ मिलिग्रॅम मुक्त क्लोरिन ३० मिनिटं टिकलं तर सीटी १५. यातलं प्रमाण टाकीत ओतलेल्या डोसचं धरायचं नाही, संपर्काच्या शेवटी शिल्लक राहिलेलं धरायचं. मिनिटांच्या बाबतीतली चूक तर फार सर्रास होते. ३० घनमीटरच्या टाकीत मिनिटाला १ घनमीटर पाणी येतं, म्हणून ३० मिनिटं मिळाली असं कागदावर वाटतं. प्रत्यक्षात बरंचसं पाणी आत येतं तसंच जवळच्या वाटेने बाहेर पडतं. आत आडव्या भिंती नसलेल्या टाकीला ०.१ आणि जेमतेम भिंती असलेल्या टाकीला ०.३ चा गुणक लावतात, म्हणजे ३० मिनिटांची ३ किंवा ९ मिनिटं होतात. पीएच ८ च्या वर गेला किंवा पाणी गार असलं, तर तेवढ्याच सीटीत कमी जंतू मरतात. आणि क्रिप्टोस्पोरिडियम या परजीवीला हा सगळा हिशोब लागूच पडत नाही: पीएच ७.५ आणि २५ अंशांना त्याच्यासाठी सीटी १५,३०० लागतो, म्हणजे लिटरला १ मिलिग्रॅम क्लोरिन दहा दिवसांहून अधिक काळ. तिथे गाळणी किंवा अतिनील प्रकाशच हवा.

दवाखान्यात सीटी म्हटलं की सगळ्यांना स्कॅन आठवतो, आणि ते साहजिकच आहे. गॉडफ्री हाउन्सफील्ड या इएमआय कंपनीतल्या इंजिनिअरने बनवलेल्या यंत्रावर १ ऑक्टोबर १९७१ रोजी लंडनमध्ये पहिल्या रुग्णाच्या मेंदूचा स्कॅन झाला. १९७९ चं नोबेल त्यांना आणि अॅलन कॉर्मॅक यांना विभागून मिळालं. स्कॅनमधल्या प्रत्येक ठिपक्याला हाउन्सफील्ड एककात आकडा असतो. पाणी शून्य, हवा उणे १०००, चरबी उणे १०० च्या आसपास, ताजं गोठलेलं रक्त साधारण ५० ते ७०, हाड कित्येक शेकड्यांत. पडद्यावर एवढी मोठी पट्टी एकदम दाखवून उपयोग नाही, म्हणून विंडो निवडतात. मेंदूची विंडो बहुधा लेव्हल ४०, विड्थ ८०. म्हणजे ० ते ८० एवढंच करड्या छटांत दिसतं; त्याखालचं सगळं काळं, वरचं सगळं पांढरं. कवटीची बारीक भेग या विंडोत हरवते, तीच हाडाच्या विंडोत दिसते.

'सीटी नॉर्मल' या दोन शब्दांनी मात्र नातेवाइकांची मोठी दिशाभूल होते. पक्षाघातात साधा सीटी आधी काढतात तो मुख्यतः रक्तस्राव नाही ना हे बघायला. रक्ताची गुठळी अडकून झालेला झटका पहिल्या काही तासांत साध्या सीटीवर दिसेलच असं नाही. तेव्हा नॉर्मल म्हणजे 'रक्तस्राव दिसत नाही', 'झटका आला नाही' असं नव्हे.

स्कॅनच्या चिठ्ठीवर साधा की कॉन्ट्रास्ट (शिरेतून औषध देऊन केलेला) हे बघून घ्यावं. मूत्रपिंडातल्या खड्यासाठी बहुधा साधाच पुरतो, कारण खडा मुळातच पांढरा दिसतो आणि कॉन्ट्रास्टही पांढरा. कॉन्ट्रास्ट असेल तर क्रिएटिनिन (मूत्रपिंडाच्या तपासणीतला आकडा), आधी कधी आलेली अॅलर्जी आणि मेटफॉर्मिन हे मधुमेहाचं औषध चालू असल्याची माहिती आधीच द्यावी. गरोदरपणाची शक्यता असेल तर ती प्रत्येक स्कॅनआधी सांगावी, साधा असो वा कॉन्ट्रास्ट. डोक्याच्या एका स्कॅनला साधारण २ मिलिसिव्हर्ट मात्रा मिळते, पोटाच्या स्कॅनला ८ च्या आसपास; निसर्गातून जगात सरासरी वर्षाला २.४ मिळतेच. पोटाचा स्कॅन दोन-तीन फेजमध्ये, म्हणजे वेगवेगळ्या वेळी पुन्हा पुन्हा, केला, तर प्रत्येक फेजची मात्रा वेगळी धरायची.

रिपोर्टवर सीटीच्या पुढे मिनिटं आणि सेकंद असतील, तर तो स्कॅन नाही, क्लॉटिंग टाइम आहे. शस्त्रक्रियेआधीच्या यादीत तो बीटीच्या (ब्लीडिंग टाइमच्या) जोडीने येतो. केशनळीत रक्त भरायचं आणि दर ३० सेकंदांनी नळीचा छोटा तुकडा मोडायचा. दोन तुकड्यांत फायब्रिनचा धागा ताणलेला दिसला की वेळ लिहायची. बोट पिळून रक्त काढलं तर ऊतींचा द्रव मिसळतो आणि रक्त लवकर गोठतं, म्हणून पहिला थेंब पुसून टाकतात. माझ्या मते ही तपासणी सवयीने टिकून आहे. गोठवणाऱ्या घटकांची कमतरता बरीच तीव्र असल्याशिवाय ती बिघडत नाही. खरी माहिती पीटी आणि एपीटीटी या गोठण्याच्या तपासण्यांतून मिळते. आणि हो, इथला पीटी म्हणजे प्रोथ्रॉम्बिन टाइम. पॅनेलमधली जोडी पॅथॉलॉजीतही शेजारी शेजारीच नांदते.

एकक नसलेला, साधारण १५ ते ४० मधला आकडा दिसला तर तो पीसीआर या, जनुकांच्या प्रती वाढवून जंतू शोधणाऱ्या तपासणीचा. चमक ठरलेली रेषा ओलांडते त्या सायकलचा हा क्रमांक. दर सायकलला रेणू दुप्पट होतात, त्यामुळे आकडा जितका लहान, तितका मूळ माल जास्त. दहापट फरक म्हणजे ३.३२ सायकली, २० आणि ३० यांत सुमारे हजारपट. प्रमाणरेषेचा (माहीत असलेल्या प्रमाणांच्या नमुन्यांवरून काढलेल्या रेषेचा) उतार उणे ३.१ ते उणे ३.६ मध्ये असेल तरच हा हिशोब धरावा. एका किटवरचा २८ आणि दुसऱ्या किटवरचा २८ यांची तुलना करू नये: जनुक वेगळं, रेषा वेगळी, काढलेल्या नमुन्याचं आकारमानही वेगळं. क्लॅमिडिया ट्रॅकोमॅटिस या जीवाणूलाही प्रयोगशाळा सीटीच म्हणतात आणि त्याची तपासणी पीसीआरनेच होते, त्यामुळे 'सीटीची सीटी व्हॅल्यू ३१' हे वाक्य तिथे कोणालाच खटकत नाही.

दागिन्यांच्या चिठ्ठीवरचा सीटी म्हणजे कॅरट, आणि तोही एक नाही. रत्नाच्या बाबतीत ते वजन आहे, १ कॅरट म्हणजे २०० मिलिग्रॅम. सोन्याच्या बाबतीत ती शुद्धता आहे, २४ पैकी किती भाग सोनं. १८ म्हणजे हजारात ७५०, २२ म्हणजे ९१६. हिऱ्याच्या अंगठीवर '१ सीटी टीडब्ल्यू' लिहिलेलं असेल तर ते सगळ्या खड्यांचं मिळून वजन आहे. मधला एकच हिरा १ कॅरटचा आहे असा त्याचा अर्थ नाही, म्हणून मधल्या खड्याचं वजन पावतीवर वेगळं लिहून घ्यावं.