एका 'गेलो'मुळे बाप घर सोडून गेला

मी प्रूफं वाचते. गेली अकरा वर्षं हेच काम. ऱ्हस्व-दीर्घ, अनुस्वार, दुहेरी स्पेस, लेखकाने प्रेमाने टाकलेली तीन-तीन उद्गारचिन्हं, हे सगळं बघायचं. पुस्तकावर आमचं नाव कुठेच नसतं आणि चूक झाली की मात्र सगळ्यांना आम्ही आठवतो. या वेळची चूक माझीच होती, म्हणून सांगतेय.

पुस्तक होतं प्रातिनिधिक मराठी कथांचं. २४ कथा, १६ पानी १९ फर्मे (फर्मा म्हणजे एकत्र छापायचा सोळा पानांचा ताव) म्हणजे बरोब्बर ३०४ पानं. दुसऱ्या दिवशी सकाळी फाइल प्रेसला जायची होती आणि दुपारी साडेबाराला एका लेखकाचा फोन आला. निवृत्त शिक्षक, सत्तरीच्या पुढचे, आम्ही सगळे त्यांना गुरुजीच म्हणायचो. एरवी माझ्याशी अगदी शाळेतल्या मराठीत बोलायचे, 'आपण', 'कृपया' वगैरे. त्या दिवशी नमस्कार नाही काही नाही, थेट म्हणाले, "बाय गो, तुमच्या पुस्तकात मी घर सोडून गेलंय!"

मला आधी काही कळेचना. मग त्यांनी पान नंबर सांगितला.

त्यांची कथा अख्खी मालवणीत होती, नुसते संवाद नाही, निवेदनसुद्धा. बाप सांगतोय, त्याचा झील एका पहाटे कोणाला न सांगता निघून गेला, एवढीच गोष्ट. संपादक सरांनी मला सांगितलं होतं की विदर्भातल्या वाचकालाही कळली पाहिजे, तेव्हा निवेदन प्रमाण मराठीत आण, संवादात थोडी बोली राहू दे, गंध गेला नाही पाहिजे. (हा 'गंध' शब्द कोणी वापरला की मी आता सावध होते.) मी आणलं. झीलचा मुलगा केला, माकाचं मला केलं, 'झील इलो'चं 'मुलगा आला'. आणि मूळ वाक्य होतं, 'फाटफटी उठलो, गेलो. परत येवक नाय.' त्याचं मी केलं, 'पहाटे उठलो, गेलो. परत आलो नाही.'

ज्यांना मालवणी येते त्यांनी आत्ताच कपाळाला हात लावला असेल. मालवणीत 'तो गेलो' असतं. मी असेल तर 'मी गेलंय'. आपल्या प्रमाण मराठीत गेलो म्हणजे मी गेलो. वाक्यात कर्ता नव्हता, क्रियापद ओळखीचं दिसलं, मी त्याला हातही लावला नाही, आणि तिथेच गेला तो झील राहिला घरात आणि बाप निघून गेला. पुढच्याच पानावर तोच बाप खळ्यात बसून वाट बघतोय, कोणाची तर स्वतःचीच! आणि मला यात काहीही खटकलं नाही. खरं सांगू, मला वाटलं नवकथेसारखं काहीतरी असेल, यात असंच असतं.

गुरुजींना मी म्हटलं, "चुकलंच गुरुजी, ते एक वाक्य लगेच दुरुस्त करते." तर ते म्हणाले, "एकच कित्याक? सगळीच मूळची घाल. नायतर गोष्ट काढून टाक, पण बापाशीक घराभायर काढू नको." फोन ठेवला.

मी फाइल उघडून मूळ आणि माझी प्रत शेजारी शेजारी लावली. अकरा पानांच्या कथेत दोनशे अकरा बदल. त्यातला झील-मुलगा हा बदल बघून तर मलाच कसंतरी झालं. मालवणीत पोरगा म्हणजे चेडो, आणि स्वतःच्या पोटचा तो झील. आपल्याकडे दोन्हीला मुलगाच. कथेत एका ठिकाणी बाप रस्त्यावर कोणातरी पोराला लांबून बघतो, 'चेडो' म्हणतो आणि मग जवळ जाताना 'झील?' असं विचारतो. माझ्या प्रतीत तो मुलगा बघतो आणि मग 'मुलगा?' असं विचारतो. म्हणजे शून्य.

सरांकडे गेले. ते प्रस्तावनेवर शेवटचा हात फिरवत होते, २२ पानांची प्रस्तावना, सुरुवात थेट गाथासप्तशतीपासून, की आपल्याकडे निवडीची परंपरा किती जुनी, महाराष्ट्री प्राकृतातल्या कोटी गाथांमधून सातवाहन राजा हालाने सातशे निवडल्या असं त्या ग्रंथातच सांगितलंय वगैरे. मी म्हटलं, सर, पुढचंही लिहा ना, की त्याच ग्रंथाच्या वेगवेगळ्या परंपरांच्या पोथ्या ताडून बघितल्या तर सगळीकडे असलेल्या गाथा जेमतेम ४३० भरतात. बाकीच्या नकला करणाऱ्यांच्या हातून कुठे गळल्या, कुठे नव्या शिरल्या. तो नकला करणारा म्हणजे मीच.

सर हसले, पण ऐकेनात. म्हणाले, शुद्धलेखनाचे नियम आहेत की नाही? १९६२ चे चौदा आणि १९७२ चे चार, अठरा नियम मलाही पाठ आहेत, त्यावर माझं पोट चालतं. पण त्याच नियमांत पात्राच्या तोंडची भाषा तो बोलतो तशी लिहायची मुभा आहे. आणि इथे तर निवेदकच पात्र आहे! आपल्याकडे एक खोडच आहे, कथेतला शेतकरी बोलीत बोललेला चालतो, कौतुकही होतं, पण लेखकाने स्वतः बोलायचं तर इस्त्री केलेल्या मराठीत.

मग मी मान्योशू काढलं. आठव्या शतकातलं जपानी कवितांचं संकलन, २० खंड, साधारण साडेचार हजार कविता. त्याच्या चौदाव्या खंडात पूर्वेकडच्या प्रांतांतल्या दोनशेहून जास्त कविता आहेत, तिकडच्या बोलीच्या खुणांसकट लिहिलेल्या. राजधानीच्या भाषेत त्या नीट करून घेणं सहज जमलं असतं. ते केलं नाही म्हणून ती पूर्वेकडची जुनी जपानी कशी होती हे आज अभ्यासकांना कळतं. सर म्हणाले, तू हे कुठे वाचलंस? म्हटलं, प्रूफं वाचताना. आणखी कुठे वाचणार.

सर गप्प बसले, मग कामाचा प्रश्न विचारला. "कठीण शब्दांचं काय? दोन पानं शब्दार्थ द्यावे लागतील, ३०६ पानं होतील, फर्मा बिघडेल." बरोबर होतं ते. दोन पानांसाठी नवा फर्मा कोणी घेत नाही. कुठूनतरी दोन पानं कमी करायला हवी होती आणि कुठून ते दोघांनाही दिसत होतं, फक्त बोलत कोणी नव्हतं.

प्रस्तावना २० पानांची झाली. 'महाराष्ट्रातील सर्व बोलींचा गंध' हा परिच्छेद सरांनी स्वतःच उडवला, हे मात्र मान्य करायला हवं.

रात्री साडेअकरापर्यंत मी फोनवर गुरुजींना एकेक ओळ वाचून दाखवत होते. माझे उच्चार ऐकून ते मधेच हसत होते. अनुक्रमणिकेत त्यांच्या कथेपुढे कंसात 'मालवणी' असं होतं, त्यावर त्यांनी विचारलं, "मग बाकीच्यांच्या फुडे काय लिवलास?" काहीच लिहिलं नव्हतं. २४ पैकी १५ लेखक मुंबई-पुण्याचे, त्यांच्यापुढे कुठलाच कंस नाही. सरांना मेसेज केला, ते म्हणाले, कंस राहू दे, वाचकाला कळायला हवं. तो राहिला.

पुस्तक छापून आलं, गुरुजींना कुरिअर केलं. चार दिवसांनी मेसेज आला, "झील गेलो. बरा झाला." आणि खाली, "पान २१८, ओळ नववी, एक 'गेला' रवलो हा."

मला तो आधीच दिसला होता.