तुम्ही विचारलंत म्हणून: ती ऊसतोडीची फिल्म कुठे आहे?

"ती ऊसतोडीची फिल्म कुठे बघायला मिळेल?" भेटेल तो हेच विचारतो. पुढचा प्रश्नही ठरलेला, "पैसे कमी पडले का?" पैसे कमी पडतातच, संस्थांची कामं आणि लग्नांची शूटिंगं करून ते मी भरून काढते. फिल्म पूर्ण आहे. मीच ती दाखवत नाही.

२००८ ते २०१२, चार हंगाम मी बीडच्या एका ऊसतोड टोळीबरोबर काढले. मिनी डीव्हीच्या कॅसेटींनी दोन ट्रंका भरल्या. पहिला खेळ कोपींवरच, म्हणजे टोळीच्या झोपड्यांपाशीच करायचा, हा माझा हट्ट. ज्यांची गोष्ट त्यांनी आधी बघावी, मग मुंबई-दिल्लीने. चादर बांधली, जनरेटर आणला. फिल्ममध्ये एक बाई हिशेब सांगते: उचल, म्हणजे हंगामाआधीची आगाऊ रक्कम, किती घेतली, किती फिटली, बाळंतपणाच्या दिवसांचेही खाडे कसे धरले. शूटिंगच्या वेळी ती धीटपणे बोलली होती. संमतिपत्रावर तिची सही आहे. पण चादरीवर तिचा चेहरा आला तेव्हा टोळीला उचल देणारा मुकादम मागे उभा होता. तिने पदर तोंडाला लावला. मला ते दिसलं. मी प्रोजेक्टर बंद केला नाही. पुढची सात-आठ मिनिटं ती मान खाली घालून स्वतःचाच आवाज ऐकत बसली.

पुढच्या हंगामाला तिला आणि तिच्या नवऱ्याला, टोळीच्या भाषेत त्या 'कोयत्या'ला, उचल मिळाली नाही. दुसऱ्या मुकादमांनीही दिली नाही. फोनवर ती म्हणाली, "ताई, आमचा कोयता घरी बसला. परत कुठं लावू नका ते."

काम मुकादमाने तोडलं, कॅमेऱ्याने नाही, हे मी स्वतःला कितीदा तरी सांगितलंय. खरंच आहे ते. पण खेळ मी लावला होता.

२००४ साली मिफ या मुंबईच्या सरकारी माहितीपट महोत्सवाच्या सेन्सॉर-अटीवरून वाद पेटला आणि माहितीपटकारांनी प्रभादेवीच्या भूपेश गुप्ता भवनात 'विकल्प' हा समांतर महोत्सव भरवला, तेव्हा मी तिथे खुर्च्या लावत होते. फिल्म कुणीही अडवता कामा नये, असं ठासून सांगत होते. तेव्हाची मी आज समोर आली तर मला भित्री म्हणेल. मी तिला विचारेन, त्या बाईच्या घरची चूल तू पेटवणार होतीस का?

चेहरा झाका, असं सुचवतात. टोळीत माणूस आवाजावरून ओळखतात. एकदा तिची अकरा मिनिटं काढून तिथे काळा पडदा ठेवला, खाली फक्त उसावर पडणारे कोयत्याचे घाव. घरगुती खेळात जाणकारांनी तो 'प्रयोग' म्हणून वाखाणला. त्या रात्री मला जेवण गेलं नाही.

आणि त्याच टोळीतली दुसरी एक बाई गेल्या दिवाळीत म्हणाली, "तिच्यापायी आमचं बोलनं का दाबून ठिवलंस?" फिल्ममध्ये ती गर्भाशय काढल्याचं सांगते. बीडमधल्या या शस्त्रक्रियांवर राज्यात गदारोळ झाला, चौकशी समिती नेमली गेली ती २०१९ मध्ये. तिचं बोलणं त्याआधी सात वर्षं माझ्या ट्रंकेत पडून होतं.

तिला मी अजून उत्तर दिलेलं नाही.