पणजोबांचं नाव मोडीत सापडलं

कोल्हापूर संस्थानाच्या विलीनीकरणावर व्हिडिओ करतोय, दोन वर्षं झाली. 1 मार्च 1949 ला संस्थान मुंबई प्रांतात गेलं एवढं सगळ्यांनाच माहितेय, पण आमच्या घरात त्या दिवसाच्या दोन गोष्टी आहेत. आजोबा संस्थानात लोकांचं राज्य मागणाऱ्या प्रजा परिषदेकडचे, माधवराव बागल, रत्नाप्पा कुंभार यांच्या सभांना जाणारे, ते असेपर्यंत सांगायचे की त्या दिवशी आपण खरे भारताचे झालो. आज्जीचे वडील दरबारच्या पागेत नोकरीला, आणि आज्जी म्हणते, "आपलं राज्य गेलं त्यादिवशी धो धो पाऊस पडत हुता बाळा." आता मार्चात धो धो पाऊस कुठला? तिथनंच मी जुने कागद शोधायला लागलो.

संस्थानचे जुने कागद ठेवतात त्या सरकारी दफ्तरखान्यात अर्ज केला, तो दोनदा परत आला. नेमकं काय बघायचंय ते लिहा म्हणायचे, आणि आत काय आहे तेच मला माहीत नव्हतं. शेवटी तिथल्याच एका मॅडमनी सांगितलं, विलीनीकरण लिहू नका, खातं लिहा, पागा लिहा. कुणाला जायचं असेल तर हे लक्षात ठेवा, कागद विषयावर नाही, खात्यावर लावलेले असतात.

कापडात बांधलेल्या गठ्ठ्याला रुमाल म्हणतात. गाठ सोडली तर कागदाला कसर लागलेली, एकच भोक वरच्या पानापासनं पार खालपर्यंत आरपार गेलेलं. फ्लॅश चालत नाही, पंखा लावला की तुकडे उडतात, म्हणून टेबल खिडकीपाशी ओढून एकेक पान उभं धरलं आणि त्या भोकांतनं येणारा उजेड मी तासभर शूट केला. माझ्या मते अख्ख्या कामातला सगळ्यात खरा शॉट तोच आहे.

कागद मोडी लिपीत, आणि मोडी मला येत नाही. आधी वरची रेघ ओढून घेतात, मग हात न उचलता अक्षरं त्या रेघेला अडकवत जातात, शब्द तोडतच नाहीत, त्यामुळं नाव कुठं सुरू होतं तेच कळत नाही. ओळखीच्या एका रिटायर्ड सरांकडं फोटो घेऊन गेलो, ते ओळीखाली बोट फिरवत वाचत गेले आणि म्हणाले, "पागेतली माणसं कमी केली त्याची यादी हाय ही." नववं नाव पणजोबांचं. तारीख बघितली तर जुलैची.

म्हणजे आज्जीचा पाऊस खराच होता. राज्य तिच्यासाठी मार्चात गेलंच नव्हतं, वडील कामावरनं घरी बसले त्या दिवशी गेलं. व्हिडिओत मी आजोबांचा मार्चही ठेवलाय आणि तिचा पाऊसही, दोन पडदे शेजारी शेजारी.

फोटो दाखवला तेव्हा तिनं फोन पार डोळ्यापाशी नेला. "कुठं हाय अण्णांचं नाव?" मी बोट लावलं तर फोटो सरकला, नाव स्क्रीनच्या बाहेर गेलं. तिनं माझा हात धरला, "थांब, हलवू नगंस." रेकॉर्डर चालूच होता, व्हिडिओचा आवाज तिथनं सुरू होतो.