टॉम ब्राऊन, नंबर ४०: वाटाण्यांच्या पटावरच्या नोंदी

८ जून

मंडळी, यंदाच्या पावसाळ्यात अमेरिकन फुटबॉलचा एकच जुना सामना पटावर मांडायचा आणि त्यातल्या एकाच माणसामागं लागायचं, असं ठरवलं होतं. माणूस ठरला. टॉम ब्राऊन, ग्रीन बे पॅकर्सचा स्ट्राँग सेफ्टी (मागच्या फळीतला बचावपटू), जर्सी नंबर ४०. सामना १ जानेवारी १९६७ चा, डॅलसच्या कॉटन बोलमधला. १९६६ च्या हंगामाची एनएफएलची (तिथल्या व्यावसायिक लीगची) अंतिम लढत. पॅकर्स ३४, डॅलस काऊबॉइज २७.

कोल्हापुरात राहून हा नाद करणं म्हणजे रोज खुलासे देत बसणं. इथं फुटबॉल म्हटलं की पेठांचा फुटबॉल, शाहू स्टेडियम, तालमींच्या टीम. शेजारचे काका परवा माझ्या लॅपटॉपवर दहा मिनिटं बघत बसले आणि म्हणाले, "ह्यात पाय कुठं लावत्यात रे?" त्यांचं म्हणणं चूक नाही.

तर ब्राऊन. तुमच्यातल्याही बऱ्याच जणांना हा आठवणार नाही, त्याचं कारण त्याच्या शेजाऱ्यांत आहे. त्या वेळी पॅकर्सच्या मागच्या फळीत एका कडेला हर्ब ॲडर्ली, दुसऱ्या कडेला बॉब जेटर, मध्ये विली वुड आणि ब्राऊन. ॲडर्ली आणि वुड दोघेही पुढं हॉल ऑफ फेममध्ये गेले. पहिल्या सुपर बोलमधलं (एनएफएलचा विजेता विरुद्ध दुसऱ्या लीगचा विजेता) गाजलेलं इंटरसेप्शन, म्हणजे समोरच्याचा पास मधेच झेलणं, वुडचं, दुसऱ्यातलं ॲडर्लीचं, तेही ६० यार्ड पळत जाऊन टचडाउन (चेंडू समोरच्यांच्या गोल लाइनपलीकडं नेणं, सहा गुण). ब्राऊन दोन्ही सामन्यांत होता. घरात दोन भाऊ पहिल्या नंबरात पास होणारे असले की तिसऱ्याचे ७० टक्के कुणाच्या लक्षात राहतात?

त्यातून हा गडी आला बेसबॉलमधून. मेरीलँड विद्यापीठात दोन्ही खेळ खेळला. १९६३ च्या ड्राफ्टमध्ये (नव्या खेळाडूंच्या निवडीत) पॅकर्सनी त्याला दुसऱ्या फेरीत घेतलं, पण तो गेला वॉशिंग्टन सेनेटर्सकडं, बेसबॉल खेळायला. आणि सुरुवात कशी, तर ८ एप्रिल १९६३, हंगामाचा पहिला दिवस, राष्ट्राध्यक्ष केनेडींनी रिवाजाप्रमाणे पहिला चेंडू टाकला आणि पहिल्या बेसवर उभा होता हा पोरगा, कॉलेजातून थेट आलेला. एवढ्या थाटात सुरू झालेला हंगाम संपला तेव्हा ६१ सामने, एक होम रन आणि सरासरी .१४७. म्हणजे शंभर वेळा बॅट घेऊन उभा राहिला तर पंधरा हिट्ससुद्धा नाहीत. १९६४ मध्ये तो ग्रीन बेला पोचला. पाच हंगाम तिथं. १९६९ मध्ये पॅकर्सचे जुने कोच लोम्बार्डी वॉशिंग्टनच्या फुटबॉल टीमचे कोच झाले, त्यांच्यामागून हाही गेला, आणि एक सामना खेळून संपला.

एवढीच कारकीर्द. तरी त्यात १९६५, ६६, ६७ अशी ओळीनं तीन विजेतेपदं आणि पहिले दोन सुपर बोल. मेजर लीग बेसबॉल आणि सुपर बोल दोन्ही खेळलेला पहिला माणूस हाच, हे मात्र कुणी हिसकावून घेऊ शकत नाही.

१५ जून

पट तयार करायला घेतला. सुताराकडून चार बाय दोन फुटांचा प्लायवूडचा तुकडा आणला. एक यार्ड म्हणजे एक सेंटिमीटर धरलं की दोन्ही एंड झोन (गोल लाइनमागचे दहा-दहा यार्डांचे पट्टे) धरून १२० यार्डांचं मैदान १२० सेंटिमीटरमध्ये बसतं आणि चार फूट म्हणजे जवळजवळ १२२. रुंदी ५३.३, तीही दोन फुटांत मावते. हे गणित जमलं तेव्हा झालेला आनंद तुम्हालाच कळेल, घरात कुणाला कळला नाही.

खेळाडू म्हणून आधी कॅरमच्या सोंगट्या घेतल्या. नऊ काळ्या, नऊ पांढऱ्या, म्हणजे दोन्हीकडं दोन-दोन गडी कमी; तिथं शर्टाची बटणं लावली. राणी म्हणजे चेंडू. मांडल्यावर लक्षात आलं की सोंगटी तीन सेंटिमीटरची, म्हणजे माझ्या मापात प्रत्येक माणूस नऊ फूट रुंद. पाच जणांची लाइन उभी केली तर निम्म्या मैदानाकडं सरकायला लागली.

मग स्वयंपाकघर धुंडाळलं. पॅकर्स हिरवे, काऊबॉइज घरच्या मैदानावर पांढऱ्यात. आणि डब्यांत काय, तर हिरवा वाटाणा आणि पांढरा वाटाणा! सुका वाटाणा सात-आठ मिलिमीटरचा भरतो, म्हणजे पटावर सव्वादोन फुटांच्या आसपास. खांद्यावर पॅड घातलेला माणूस तेवढाच असतो. अकरा हिरवे, अकरा पांढरे. चेंडूला मोहरीचा दाणा. वाटाणे घरंगळतात, म्हणून प्रत्येकाखाली कणकेचा ठिपका. ब्राऊनच्या डोक्यावर स्केच पेननं काळा टिंब दिला.

आई म्हणाली, "भिजत घातले असतेस तर उसळ तरी झाली असती."

२९ जून

चूक कबूल. मागच्या फोटोत मी गोलपोस्ट एंड झोनच्या मागच्या रेषेवर लावले होते. आपल्यातल्याच एकानं लगेच पकडलं. ते आजचं झालं. गोलपोस्ट मागं गेले १९७४ मध्ये. १९६७ च्या त्या दिवशी ते थेट गोल लाइनवर होते, म्हणजे शेवटी दोन यार्डांवर झालेल्या झटापटीच्या (ती पुढं येईल) अगदी तोंडाशी. काड्यापेटीच्या काड्या उपटून पुढं लावल्या.

हॅश मार्कही (मैदानातल्या दोन ओळींच्या खुणा; प्रत्येक डाव त्यांच्यावरून किंवा त्यांच्या मधून सुरू होतो) बदलले. आज ते मैदानाच्या मध्याकडं आहेत. १९७२ पर्यंत कडेपासून २० यार्डांवर होते. म्हणजे पटावर २०, मध्ये १३.३, पुन्हा २०. पेन्सिलनं आखून मग पोस्टर कलर. पांढरा रंग दोनदा द्यावा लागला, हिरवा खालून डोकावत होता. आता या आखणीनं खेळ कसा बदलतो बघा: चेंडू एका हॅशवर असला की एक बाजू आखूड आणि दुसरी ऐसपैस ३३ यार्ड मोकळी. सेफ्टीला ती मोकळी बाजू राखायची.

१३ जुलै

पावसामुळं घरातच. आज पहिला मोठा डाव मांडला, आणि तो ब्राऊनच्या बाजूनं चांगला नाही.

पॅकर्स ३४-२० नं पुढं. (३४ च, ३५ नाही, कारण शेवटच्या टचडाउननंतरची एका गुणाची किक डॅलसच्या बॉब लिलीनं अडवली होती. हा एक गुण पुढं सगळ्या शहराच्या काळजाचा ठोका चुकवणार होता.) डॅलसचा चेंडू त्यांच्याच ३२ यार्डांच्या रेषेवर. त्यांचा पास फेकणारा क्वार्टरबॅक डॉन मेरेडिथनं लांब फेकला, झेल घेणारा फ्रँक क्लार्क ब्राऊनच्या पुढं निघून गेला आणि ६८ यार्डांचा टचडाउन. ३४-२७.

पटावर मी मेरेडिथपासून गोल लाइनपर्यंत हात ठेवून मोजलं. ६८ सेंटिमीटर, म्हणजे तीन विती. एवढी जागा मागं पसरलेली असताना सेफ्टीला एक पाऊल चुकीचं टाकलं तरी परत यायला वेळ नसतो. क्रिकेटमध्ये बाउंड्रीवरच्या फिल्डरच्या मागं निदान दोरी असते. याच्या मागं नुसतं मोकळं रान.

क्लार्कचा पांढरा वाटाणा मी सहा ठिकाणी ठेवून बघितला. माझ्याजवळ फिल्मचे जे तुकडे आहेत त्यांत हा डाव पुसटच दिसतो. त्यामुळं ब्राऊन नेमका कुठं वळला ते मी पटावर दाखवणार नाही. वाटाणा तिथं आणून ठेवला की तो पुरावा वाटायला लागतो, ही आपल्या छंदातली जुनी खोड.

२० जुलै

डब्यातल्या पांढऱ्या वाटाण्यांना भुंगा लागला. डॅलसच्या लाइनमधला जिम बोके आतून पोकळ झाला होता, उचलला तर पीठच. पुढच्या डावाची ज्यांना माहिती आहे त्यांनी हसून घ्यावं. उरलेले उन्हात टाकायला ऊन नाही, म्हणून तव्यावर थोडे गरम करून घेतले. हिरव्यांना काही झालेलं नाही.

१० ऑगस्ट

शेवटचे डाव. यासाठीच सगळा खटाटोप.

३४-२७ नंतर पॅकर्सना चेंडू टिकवता आला नाही. डॉन चँडलरची पंट (चेंडू लाथेनं लांब उडवून समोरच्यांना देणं) १६ यार्डांतच पडली, आणि डॅलसला पॅकर्सच्या ४७ वर चेंडू मिळाला. तिथून ते आत सरकत आले, आणि पुन्हा क्लार्क, पुन्हा ब्राऊन. या वेळी ब्राऊननं त्याला धरलं. पास इंटरफिअरन्स, म्हणजे झेल घेणाऱ्याला नियमाबाहेर अडवणं. जिथं चूक तिथं चेंडू, म्हणजे २ यार्डांवर, फर्स्ट डाउन, नव्यानं चार प्रयत्न. हिरवा वाटाणा उचलून परत ठेवताना मला खरंच वाईट वाटलं. एकाच माणसानं काही मिनिटांत आधी टचडाउन दिला आणि आता दारापर्यंत आणून सोडलं. तरीही, माझं मत विचाराल तर, ही दुसरी चूक शहाण्याची होती. त्यानं धरलं नसतं तर क्लार्क पोचलाच असता.

पहिल्या डाउनला डॅन रीव्हज एक यार्ड पुढं. आता १ वर. मग बोकेचा फॉल्स स्टार्ट (डाव सुरू व्हायच्या आधीच हलणं), पाच यार्ड मागं, ६ वर. (नवा बोके टिकला आहे, भाजलेला.) दुसऱ्याला रीव्हजकडं पास, सुटला. तिसऱ्याला पेटिस नॉर्मनला छोटा पास, २ वर थांबला.

चौथा डाउन. डॅलसनं निवडला तो मेरेडिथनं उजवीकडं पळत जाण्याचा डाव. जमलं तर स्वतः आत, नाहीतर फेक. इथं त्यांची एक चूक झाली, आणि पट मांडल्यावर ती डोळ्यात खुपते. उजव्या बाजूला टाइट एंडच्या (लाइनच्या टोकाला उभं राहून अडवणाऱ्याच्या) जागी क्लार्क हवा होता, पण उभा राहिला बॉब हेज. हेज म्हणजे १९६४ च्या टोकियो ऑलिम्पिकमध्ये १०० मीटरचं सुवर्णपदक जिंकलेला धावपटू. त्याच्यासमोर कोण, तर डेव्ह रॉबिन्सन, पॅकर्सचा डावीकडचा लाइनबॅकर (पुढच्या लाइनच्या मागचा बचावपटू), दणकट माणूस, पुढं हॉल ऑफ फेममध्ये गेलेला. जगातल्या सगळ्यात वेगवान माणसाला दाराची कडी लावायला ठेवलं होतं.

हेजला रॉबिन्सन अडवता आला नाही. रॉबिन्सन थेट मेरेडिथच्या अंगावर. मेरेडिथनं धरलेल्या अवस्थेत चेंडू कसाबसा वर उडवला. हवेत लडबडत एंड झोनमध्ये गेला आणि ब्राऊनच्या हातात पडला. २८ सेकंद शिल्लक.

आता पटावर काय दिसतं ते सांगतो, कारण फिल्म बघताना हे कधी लक्षात आलं नव्हतं. चेंडू २ वर, एंड झोन १० यार्डांचा. ब्राऊनच्या बाजूला राखायला एकूण बारा यार्ड. बारा सेंटिमीटर. अर्धी वीत. मधल्या काळात खेळाडू बदलले नाहीत, तोच ब्राऊन, तोच मेरेडिथ. त्याच्या मागचं रान तेवढं तीन वितींवरून अर्ध्या वितीवर आलं होतं. कुणी मागून निघून जाईल ही भीतीच उरली नव्हती, म्हणून त्याला चेंडूकडं बघत उभं राहता आलं. त्या दिवशीचं त्याचं अवघड काम हे नव्हतंच. अवघड काम त्यानं आधी केलं होतं आणि त्यात हरला होता.

मी हेजचा वाटाणा काढून त्याच्या जागी क्लार्कचा ठेवून बघितला. रॉबिन्सनला अर्धा सेकंद उशीर झाला असता तर उजव्या कोपऱ्यात जागा होती. पण हे "असता तर" पटावर फुकट मिळतं, त्याला काही किंमत नाही.

एक हिशोब राहिला. ब्राऊनच्या नावावर एकूण १३ इंटरसेप्शन लागतात. मी दोनदा मोजले, कारण मला वाटलं त्यात हे एक असणार. नाही! १३ हा नियमित हंगामांचा आकडा. अंतिम लढत त्यात धरत नाहीत. म्हणजे ज्या एका झेलामुळं पॅकर्स पहिल्या सुपर बोलला पोचले आणि ज्यासाठी हा माणूस थोडाफार आठवला जातो, तो त्याच्या रकान्यात नाहीच.

समोरच्या बाकावर डॅलसचे कोच टॉम लँड्री होते हेही सांगायला हवं. ते स्वतः न्यूयॉर्क जायंट्सचे डिफेन्सिव्ह बॅक, आणि पुढं त्याच टीममध्ये लोम्बार्डींबरोबर सहायक कोच; लोम्बार्डी हल्ल्याचं बघायचे, लँड्री बचावाचं. ते २८ सेकंद लँड्रींनी कसे बघितले असतील?

१७ ऑगस्ट

पट भिंतीला टेकवून ठेवला तर कणीक सुकून सुटली आणि सगळे वाटाणे फरशीवर. दोन हिरवे सापडत नाहीत. त्यातला एक काळ्या टिंबाचा. कपाटाखाली झाडू फिरवला, तिथं मोहरीचा दाणा मिळाला, म्हणजे चेंडू आहे पण सेफ्टी नाही. नवा ब्राऊन रंगवला आहे, या वेळी फेव्हिकॉलनं चिकटवतो. वाळला की फोटो टाकतो.